पट्टा नंबर सात

मी पट्टा नंबर सात बोलतोय. कुत्र्याच्या गळ्यात असतो तो गळपट्टा. तो ज्याचा त्याचा असतो, तो मी नव्हे. मी त्या गळपट्ट्याला अडकवायचा लांब पट्टा. माझ्या एका टोकाला पितळी आकडा आहे, दुसऱ्या टोकाला हातात धरायची मूठ शिवलेली आहे, आणि मधे जे दोन मीटर उरतात त्यात माझं सगळं आयुष्य गेलं. मला फार बोलायची सवय नाही. पण बारा वर्षं एकाच खिळ्यावर लटकून माणसं बघितली की चार गोष्टी साठतातच. तेवढ्या सांगतो आणि मोकळा होतो.

माझा जन्म तंबू शिवणाऱ्याच्या दुकानात झाला. कुठल्याशा मोठ्या तंबूला लावायची नारिंगी पट्टी त्याच्याकडे उरली होती आणि तिचं काय करावं ते त्याला सुचत नव्हतं. तेवढ्यात नगरपालिकेचा माणूस आला. त्याला कुत्र्यांचे बारा पट्टे हवे होते, आणि दोन मीटरच्या वर एक बोटही नको होतं, कारण नियमात तसं लिहिलं होतं. तंबूवाला म्हणाला की इतकं मोजूनमापून तर मी माझ्या लग्नाचा सदराही शिवला नव्हता. तरी त्याने शिवले. आकड्यापाशी तिहेरी टाके घातले, मुठीच्या आत मऊ कापड लावलं आणि काळ्या रंगाने प्रत्येकावर नंबर घातला. सातवा असण्यात काही विशेष नाही. सहावा माझ्या आधी होता, आठवा माझ्यानंतर.

आम्हाला ज्या गावात नेलं ते समुद्राकाठचं. वर्षातले चार महिने तिथे गावकऱ्यांपेक्षा पाहुणे जास्त, आणि हल्ली पाहुणे म्हटले की कुत्रा आलाच. आमच्या आधीच्या हंगामात म्हणे तीन प्रकार झाले. एका कुत्र्याने एका कुटुंबाचं अख्खं जेवण फस्त केलं. दुसऱ्याने एका आजोबांना आनंदाच्या भरात आडवं पाडलं, त्यांचं मनगट मोडलं. आणि काळ्या खडकांच्या पलीकडे उघड्या वाळूत पांढरे पक्षी अंडी घालतात, तिथे कुत्र्यांनी असा धुडगूस घातला की त्या वर्षी एकही पिल्लू उडालं नाही. मग नगरपालिकेने बैठक घेतली, दोन तास भांडली, आणि निळा फलक लावला.

फलकावर सरळ लिहिलं होतं. पाहुण्यांचा कुत्रा किनाऱ्यावर कायम पट्ट्याला बांधलेला हवा. खडकांच्या पलीकडे कुणाचाच कुत्रा नको. गावच्या कुत्र्याला पितळेचा बिल्ला मिळेल, आणि बिल्लेवाल्यांनी सकाळी नवाच्या आत आणि संध्याकाळी सहानंतर खुशाल मोकळं पळावं. बिल्ल्यासाठी मालकाने आणि कुत्र्याने गावात सलग एक वर्ष काढायला हवं. वर्षभरात वाळू कशी सरकते आणि पाणी कुठून शिरतं हे दोघांनाही कळतं, असं त्यामागे गणित होतं. आणि ज्या पाहुण्याने पट्टा आणला नसेल, त्याला किनाऱ्यावरच्या केबिनमधून उसना मिळेल. तो उसना पट्टा म्हणजे आम्ही.

केबिन सांभाळायला बाई आल्या. तीस वर्षं शाळेत कवायत शिकवून निवृत्त झालेल्या, आवाज खणखणीत, गळ्यात शिट्टी. पहिल्याच महिन्यात गावाने त्यांचं नाव पट्टाबाई ठेवलं. त्यांना ते कळलं आणि आवडलंही, पण तसं त्यांनी कुणाला दाखवलं नाही. मी मात्र त्यांना नुसतं बाई म्हणतो, आणि आता इतक्या वर्षांनी एकेरीतच बोलतो, कारण दुसरं कुणी मला इतकं रोज हातात धरलेलं नाही.

पहिल्या आठवड्यातच आमच्यातले दोघं गेले. चोरले असं नाही म्हणता येणार. माणसं फिरून येत, कुत्र्याला गाडीत बसवत, पट्टा त्याच्याबरोबरच गाडीत जाई, आणि दोनशे मैलांवर पोचल्यावर त्यांच्या लक्षात येई. बाईने विचार केला आणि नवा नियम काढला, तोही फलकावर न लिहिता. पट्टा हवा तर डावी चप्पल ठेवा. बूट असेल तर डावा बूट. वाळूत फिरायला चप्पल लागतेच कुठे? पण घरी जायला लागते. दारामागे तिने चपलांसाठी लाकडी मांडणी ठोकून घेतली. त्या दिवसापासून पाहुण्यांबरोबर एकही पट्टा गेला नाही.

आता तुम्हा माणसांविषयी दोन शब्द. रागावू नका. दर दहा पाहुण्यांत आठ जण पहिलं वाक्य हेच बोलतात: आमचा काही करत नाही हो. बारा वर्षांत मी एकही काही करणारा कुत्रा ऐकला नाही. पाहिले मात्र भरपूर. एक गृहस्थ मला रोज नेत, कुत्र्याला मोकळं सोडत आणि मला स्वतःच्या गळ्यात टाकून फिरत. बाईने हटकलं की मला दाखवून म्हणत, पट्टा आहे की माझ्याकडे. एक जोडपं कुत्र्याला मधे घेऊन भांडत चालायचं आणि प्रत्येक मुद्द्याला मला एका हातातून दुसऱ्या हातात द्यायचं. एका आजीबाईंचा कुत्रा इतका म्हातारा होता की पट्टा त्यालाच आधाराला लागायचा. त्या दोघांबरोबर फिरायला मला आवडायचं. आणि माझ्या एका टोकाला कुत्रा कान टवकारून समुद्राकडे बघत असतो, तर दुसऱ्या टोकाला माणूस मान खाली घालून फोनकडे. मी दोघांच्या मधे. बोलणार काय!

हळूहळू बाईच्या आणखी एक गोष्ट लक्षात आली, आणि माझ्या गोष्टीत तीच महत्त्वाची आहे. इथला समुद्र ओहोटीला फार दूर जातो. अर्धा मैल नुसती ओली वाळू उघडी पडते. तिच्या टोकाला एक लांबट उंचवटा आहे, त्याला गावात पाठ म्हणतात. पाठ आणि किनारा यांच्या मधे खोलगट घळ आहे. भरतीचं पाणी समोरून येताना दिसत नाही. ते आधी बाजूने घळीत शिरतं, आणि पाठीवर उभ्या माणसाला वाटतं, अजून समुद्र तर लांबच आहे. बिनकुत्र्याचे पाहुणे इतक्या लांब जातच नाहीत. ते चटया टाकून केबिनसमोर पडलेले असतात. जातात ते कुत्रेवाले, आणि घरून पट्टा आणणारा त्यांच्यात विरळाच.

तर बाईच्या लक्षात आलं की मांडणीवर जितक्या चपला, तितकी माणसं अजून बाहेर. पाणी फिरायच्या अर्धा तास आधी ती पहिली शिट्टी मारायची. मग मांडणीकडे बघायची. चपला असल्या तर दुसरी शिट्टी, तिसरी, आणि मांडणी रिकामी होईपर्यंत शिट्ट्याच शिट्ट्या. रिकामी झाली की केबिनला कडी लावून तासभर घरी जेवायला. भरती भरली की किनारा चिंचोळा होतो, तेवढा वेळ कुणी बाहेर जाऊच शकत नाही. खिळ्यांवरून हा हिशेब जमला नसता. दोन पट्टे गेलेले, एक फाटलेला, आणि एक शेजारच्या सरबतवाल्याने गाडीचं छत बांधायला मागून नेला तो नेलाच. चार खिळे कायमचे रिकामे. चपला मात्र खोटं बोलत नव्हत्या. अकरा वर्षं एकाही माणसाचा पाय पाण्यात अडकला नाही.

मग बाईची धाकटी बहीण आली.

ती येणार हे महिनाभर आधीपासून आम्हा सगळ्यांना पाठ झालं होतं, कारण बाई सरबतवाल्याशी दुसरं काही बोलतच नव्हती. धाकटी तीस वर्षांपूर्वी शहरात गेली. तिथे दवाखान्यात हाडांचे फोटो काढायचं काम केलं, नवरा गेला, आता तीही निवृत्त झाली आणि चौथ्या मजल्यावर एका कुत्र्याबरोबर राहते. इकडे बाई आईवडिलांच्या घरात एकटी. तिने मागची खोली रंगवली होती. नवी गादी सांगून ठेवली होती. राहायलाच ये म्हणून तिने पत्रात लिहिलं होतं, आणि धाकटीचं उत्तर आलं होतं की आठ दिवस येते, बघते, जायच्या दिवशी सांगते. बाई सरबतवाल्याला म्हणायची की राहिली तर ठीक, नाही राहिली तरी ठीक. हे ती दिवसातून चारदा म्हणायची, त्यावरून त्याला काय ते कळलं होतं.

धाकटी आली. कुत्र्याचं नाव बटाट्या. रंगाने, आकाराने आणि स्वभावानेही. आठ वर्षांच्या आयुष्यात त्याने समुद्र पाहिला नव्हता. पहिल्या दिवशी लाटेकडे बघून तो मटकन खाली बसला, आणि त्याला उचलून मागे आणावं लागलं.

धाकटीला फलक आवडला नाही. तिने तो उभं राहून शेवटपर्यंत वाचला आणि विचारलं की बटाट्याचं काय. बाई म्हणाली की पाहुण्यांच्या नियमात बसतो. धाकटी हसली, पण वरवर. या वाळूत आपण रांगलो, पोहायला शिकलो, तिथल्या फलकावर आपण पाहुणे कसे, असं तिचं म्हणणं. बाईने समजावलं की बिल्ल्याला वर्ष लागतं, सगळ्यांनाच लागतं, नगराध्यक्षांच्या जावयालासुद्धा लागलं. धाकटीने विषय सोडला. पण तो तिच्या मनातून गेला नव्हता, कारण पुढचे दोन्ही दिवस ती चहा पिता पिता दुसऱ्यांना सांगायची, मी काय, मी पाहुणी. बाई तेव्हा काहीतरी पुसत असायची.

चौथ्या दिवशी बटाट्याने स्वतःचा पट्टा चावून तोडला. दुपारी धाकटी केबिनमध्ये आली आणि म्हणाली, दे गं एखादा. बाईने मला खिळ्यावरून काढलं, एका हाताने पुढे केलं, आणि दुसरा हात सवयीने चपलेसाठी पुढे आला. धाकटी त्या हाताकडे बघत राहिली.

"माझीही चप्पल ठेवून घेणार, ताई?"

सरबतवाला पेला विसळत होता, तो थांबला. बाईचा हात तसाच हवेत. मी तिच्या दुसऱ्या हातात होतो, म्हणून मला कळलं. तिची पकड ढिली झाली. अकरा वर्षांत नगराध्यक्ष, डॉक्टर, पोलीस, कुणालाही सुटली नव्हती ती चप्पल. बाईने हात मागे घेतला.

"जा," ती म्हणाली. "तू कुठे पळून जाणारेस."

हे वाक्य बोलून झाल्यावर दोघींनाही ते नीट ऐकू आलं असावं, कारण तीस वर्षांपूर्वी कोण गेलं होतं ते दोघींना ठाऊक होतं. पण धाकटीच्या चेहऱ्यावर चार दिवसांत पहिल्यांदा मोकळं हसू आलं. तिने दोन्ही चपला पायात ठेवूनच वाळूत पाऊल टाकलं, आणि बाई दारात उभी राहून तिच्याकडे बघत राहिली. सरबतवाल्याला ती म्हणाली की मला वाटतं राहील ही. मांडणीवर त्या वेळी तीन चपला होत्या, तिन्ही परक्यांच्या.

आम्ही चालत लांब गेलो. वारा पाठीमागून, जमिनीकडून समुद्राकडे. केबिन बोटाएवढी झाली तशी धाकटीने चपला काढून कमरेच्या पिशवीत कोंबल्या, खाली वाकली आणि माझा आकडा सोडला. जा, पळ, असं तिने बटाट्याला सांगितलं. त्याला कळेना. आठ वर्षं दोन मीटरमध्ये राहिलेला जीव तो. तो चार पावलं गेला, मागे बघितलं, आणखी चार गेला. मग त्याला पांढरे पक्षी दिसले आणि तो असा सुटला की काय सांगू. धाकटी टाळ्या वाजवत होती. मी तिच्या खांद्यावर होतो, नियम मोडला होता, आणि खरं सांगायचं तर मला त्याचं वाईट वाटलं नाही. इतक्या आनंदात मी तोवर कुणाला पाहिलं नव्हतं.

तेवढ्यात पहिली शिट्टी झाली. वाऱ्यावरून स्पष्ट ऐकू आली. धाकटी हसून स्वतःशीच म्हणाली की झाली ताईची शिट्टी, चला पाहुण्यांनो घरी. आणि ती पुढे निघाली. पक्षी उडत उडत पाठीवर जाऊन बसले होते, बटाट्या त्यांच्यामागे, ती बटाट्यामागे. लहानपणी आम्ही शिट्टीनंतरही तासभर इथे खेळायचो, असं ती कुत्र्याला ओरडून सांगत होती. खेळत असतील. पण तेव्हा घळ होती दुसरीकडे. तीस वर्षांत वाळू सरकली होती, आणि हे कळायला जे एक वर्ष लागतं ते तिच्याजवळ नव्हतं.

इकडे केबिनमध्ये काय झालं ते मला नंतर ऐकून कळलं. तिन्ही परके पाहुणे शिट्टीसरशी परतले, पट्टे दिले, चपला घातल्या, गेले. बाईने मांडणीकडे बघितलं. रिकामी. खिळे पाच रिकामे होते, चार नव्हे. पण ते कुणाच्या डोळ्यांत भरणार? दुसरी शिट्टी मारायचं कारणच नव्हतं. शिवाय त्या दिवशी गादीवाला येणार होता, आणि धाकटी फिरून घरी येईपर्यंत मागच्या खोलीत गादी घालून ठेवावी असं बाईच्या मनात होतं. तिने कडी लावली आणि जवळजवळ पळतच घरी गेली.

पाठीवर आम्ही वळलो तेव्हा घळीत पाणी आलेलं होतं. धाकटी आधी हसली, गुडघाभर तर आहे म्हणाली. दहा पावलं आत गेल्यावर ते कमरेला आलं, ओढ लागली, आणि ती धडपडत परत पाठीवर आली. बटाट्या भेदरून वाळूत घट्ट बसला होता. तिने माझा आकडा त्याच्या गळपट्ट्यात अडकवला आणि माझी मूठ स्वतःच्या मनगटात घालून दोन वेढे घेतले. मग ती हाका मारू लागली. ताई, ताई. पण वारा तोंडावर होता, हाका मागेच समुद्रात जात होत्या. पाठ आधी एका शेताएवढी होती, मग अंगणाएवढी, मग खोलीएवढी. पाणी तिच्या पावलांवर आलं. ती मला इतकी घट्ट धरून होती की माझे टाके ताणले गेले. मला ओरडता येत नाही. त्या दिवशी यायला हवं होतं.

घरी गादी आली, खोलीत पडली, चादर घातली गेली. बाईने चहाचं आधण ठेवलं, दोन कप काढले. मग बटाट्याचा पाण्याचा वाडगा भरून दारात ठेवला, आणि तो वाडगा बघता बघता तिला खिळा दिसला. सात नंबरचा खिळा. चपलेसाठी पुढे केलेला आणि मागे घेतलेला स्वतःचा हात दिसला. गॅस तसाच सोडून ती धावत सुटली. सरबतवाला गाडीखाली सावलीत पडला होता, त्याला तिने लाथेनेच उठवलं. तो नंतर सांगायचा की मी ओळखलंच नाही बाईंना, चेहरा पार पांढरा पडला होता.

होडी लांब, माणसं लांब, वेळ नाही. बाईने खिळ्यांवरचे सातही पट्टे ओरबाडले. एकाचा आकडा दुसऱ्याच्या मुठीत, दुसऱ्याचा तिसऱ्याच्या, असं चालता चालताच अडकवत गेली. सरबतवाल्याने गाडीच्या छताचा पट्टा सोडून दिला, आठवा. छत उडून गेलं, ते त्याने बघितलंही नाही. तो घळीच्या अलीकडच्या काठाला पाण्यात पाय रोवून एक टोक धरून उभा राहिला आणि दुसरं टोक धरून बाई पाण्यात शिरली. कमरेपर्यंत, छातीपर्यंत. वय वर्षं बासष्ट. तोंडात शिट्टी, आणि प्रत्येक पावलाला ती फुंकत होती. वाऱ्यावरून ती आम्हाला ऐकू आली. धाकटी रडायला लागली ती तेव्हा, आधी नाही.

माझ्या भावंडांची लांबी संपली तरी दोघींमधे दोन हात पाणी उरलं. बाई ओरडली की तुझ्याकडचा फेक. धाकटीने मनगटाचे वेढे सोडले आणि माझी मूठ फेकली. पहिल्यांदा चुकली. दुसऱ्यांदा बाईच्या बोटांना लागून निसटली. तिसऱ्यांदा तिने मला पकडलं, आठव्याचा आकडा माझ्या मुठीत अडकवला, आणि आम्ही नऊ जण एक झालो. धाकटी मला धरून पाण्यात उतरली. बटाट्याला ओढून आणावं लागेल असं सगळ्यांना वाटलं होतं. तो पठ्ठ्या पाण्यात पडला आणि असा पोहायला लागला की जन्मभर तेच करत आलाय. दोघी बहिणींच्या आधी तो काठाला पोचला.

वाळूत चौघंही नुसती पडून होती. सरबतवाला उठून चादर आणायला गेला. बाई उठून बसली, धाकटीच्या पायाकडे बघितलं, तिच्या कमरेच्या पिशवीतून ओल्या चपलांची टोकं बाहेर आली होती.

"मी मांडणी बघितली," बाई म्हणाली. "रिकामी होती. मी कडी लावून गेले."

धाकटीने चपलांची टोकं पिशवीत आत ढकलली.

"तू आलीस या आनंदात तुलाच मोजायची राहिले गं, ठकू."

ठकू हे तिचं लहानपणचं नाव असावं. त्यानंतर बाई रडली. शाळेत तीस वर्षं आणि इथे अकरा वर्षं जिने कुणाला डोळ्यांत पाणी दाखवलं नाही, ती बाई पट्ट्यांच्या गुंत्यात बसून हमसून हमसून रडली, आणि धाकटी तिच्या पाठीवरून हात फिरवत राहिली. माझी चूक होती, मी पट्टा सोडला, असं धाकटी सांगत होती. बाई मान हलवत होती. तिने दुसऱ्या दिवशी नगरपालिकेला स्वतःच्या हाताने लिहून दिलं की पट्टा नंबर सात आपण चप्पल न घेता दिला आणि मोजणीविना केबिन बंद केली. नगराध्यक्ष म्हणाले की फाडून टाका हे, कुणी विचारलंय. बाई म्हणाली की विचारायला कुणी उरलं नसतं. तो कागद तिथल्या फायलीत आहे.

पुढचे दिवस दोघी फारसं बोलल्या नाहीत. बाईने राहण्याचा विषय काढला नाही. सरबतवाल्यालाही ती म्हणाली की आता कुठल्या तोंडाने विचारू. आठव्या दिवशी अकराच्या सुमारास धाकटी बॅग घेऊन केबिनपाशी आली, बटाट्या बरोबर. बारा वाजता तिची गाडी होती. बाई फलकावरची वाळू फडक्याने पुसत होती, ती पुसतच राहिली.

"मागची खोली चांगली आहे," धाकटी म्हणाली.

"गादी जरा कडक आहे."

"आहे. सवय होईल." मग बॅग खाली ठेवून ती म्हणाली, "तिकडचं घर आवरायला महिना लागेल. पण एक ऐक ताई. इतके दिवस मी तुझ्याशी भांडत होते, मला पाहुणी म्हणू नकोस, मला घरची म्हण. आता उलटं सांगते. घरच्या माणसाला कुणी मोजत नाही. मला मोज."

बाई म्हणाली, "मोजेन." फडकं तिच्या हातात तसंच होतं.

धाकटी महिन्याने आली आणि राहिली. त्याला आता वर्ष होत आलं. पुढच्या आठवड्यात बटाट्याला पितळेचा बिल्ला मिळायचा आहे, पण पक्ष्यांच्या मागे धावायचं वेड त्याच्या डोक्यातून गेलेलं आहे.

माझं म्हणाल तर, खाऱ्या पाण्याने आकड्यातली स्प्रिंग गंजली, तो आता नीट मिटत नाही. असा पट्टा पाहुण्याला देता येत नाही. नगरपालिकेने निळे, नवे, चकचकीत बारा आणले आहेत. मी माझ्या खिळ्यावर नुसता आहे. तक्रार नाही. दिवसभर समुद्र दिसतो. तुमच्यापैकी कुणी कधी अशा गावात कुत्रा घेऊन गेलात आणि फलक बघून कपाळाला आठी पडली, तर एवढंच करा: तिथल्या माणसाने काही मागितलं तर देऊन टाका, हसू आलं तरी द्या. आमचा काही करत नाही, हेही म्हणा हवं तर. आम्हाला सवय आहे.

बाईने आता आणखी एक नियम केलाय. दुपारी मांडणी रिकामी झाली तरी ती लगेच कडी लावत नाही. आधी घरी फोन करते. आहेस का, एवढंच विचारते. तिकडून उत्तर येतं, आहोत. मग ती निघते. घर तीन मिनिटांवर आहे, ती तिथेच तर चाललेली असते, सरबतवाला तिला रोज हसतो. ती त्याच्याकडे बघतसुद्धा नाही.

परवा घंटी वाजत राहिली. पाच वेळा, सहा वेळा, दहा वेळा. बाई एका हातात फोन, दुसरा हात कडीवर, अशी उभी. सरबतवाला हसायचा थांबला. समोर पाणी घळीत शिरायला लागलं होतं. बाईचा कडीवरचा हात गळ्यातल्या शिट्टीकडे गेला. तेवढ्यात पलीकडे फोन उचलला गेला आणि धाकटीचा धापा टाकत आवाज आला, इतका मोठा की मलाही खिळ्यावर ऐकू आला. बटाट्याला आंघोळ घालत होते गं, हात ओले होते, आहोत आम्ही.

बाईने डोळे मिटले, उघडले.

"दोन," ती म्हणाली, आणि कडी लावली.